कमिट मागे घेणे आणि इतिहासातून फाइल काढणे

गिटमध्ये, म्हणजे कोडमधील बदलांचा इतिहास जपणाऱ्या साधनात, चुकलेला कमिट (बदलांची जतन केलेली नोंद) मागे घेणे आणि नको असलेली फाइल इतिहासातूनच काढून टाकणे ही कामे वरवर सारखी वाटली, तरी त्यांच्या परिणामांत मोठे अंतर आहे आणि ते नीट समजून घेतल्याशिवाय कोणतीही कमांड चालवू नये, असे माझे ठाम मत आहे.

कमिट अजून पुश केलेला (सामायिक सर्व्हरवर पाठवलेला) नसेल, तर रिसेट, म्हणजे आधीच्या कमिटवर परत नेणारी कमांड, पुरते. त्याचा सॉफ्ट पर्याय बदल स्टेज केलेल्या (पुढच्या कमिटसाठी निवडलेल्या) अवस्थेत जपतो. हार्ड पर्याय मात्र ट्रॅक होत असलेल्या (गिटच्या नोंदीत असलेल्या) फाइलींमधील कमिट न केलेले कामही पुसतो आणि ते काम रिफ्लॉगमध्ये (आधीच्या कमिटपर्यंत परत पोहोचवणाऱ्या गिटच्या स्थानिक नोंदवहीत) सापडत नाही. पुश झालेला आणि इतरांनी घेतलेला कमिट रिव्हर्टनेच उलटवावा, कारण त्यात जुने काही न मोडता उलट बदलाचा नवा कमिट जोडला जातो.

नेमक्या याच कारणामुळे, पासवर्ड असलेली फाइल चुकून कमिट झाली असेल, तर रिव्हर्ट कुचकामी ठरते. जुना कमिट चेकआउट करताच (उघडताच) ती फाइल जशीच्या तशी समोर येते. गिटइग्नोरमध्ये (गिटने दुर्लक्ष करायच्या फाइलींच्या यादीत) तिचे नाव घालूनही उपयोग होत नाही, कारण आधीपासून ट्रॅक होत असलेल्या फाइलीला तो नियम लागूच होत नाही.

म्हणून सर्वांत आधी तो पासवर्ड रद्द करावा. इतिहासाची सफाई त्यानंतर. सफाईसाठी ताज्या क्लोनवर (प्रकल्पाच्या नव्याने उतरवलेल्या प्रतीवर) फिल्टर-रेपो हे इतिहास नव्याने लिहिणारे साधन चालवावे. जुन्या फिल्टर-ब्रांचऐवजी गिटचे अधिकृत दस्तऐवजही हेच साधन सुचवतात. प्रत्येक कमिटच्या हॅशमध्ये (मजकुरावरून काढलेल्या ओळख-क्रमांकात) आधीच्या कमिटचा हॅश गुंफलेला असल्याने, ती फाइल जिथे प्रथम आली तिथपासून पुढचे सगळे हॅश बदलतात आणि फोर्स पुश (सर्व्हरवरचा जुना इतिहास बळाने बदलणारे पुश) अटळ होते. यानंतर एखाद्या सहकाऱ्याने जुन्याच क्लोनमध्ये मर्ज करून पुश केले, तर काढलेली फाइल मुकाट्याने परत येते. त्यामुळे प्रत्येकाने नव्याने क्लोन करणेच श्रेयस्कर. गिटहब या कोड ठेवण्याच्या संकेतस्थळावर तर फोर्क (इतरांनी घेतलेल्या प्रती) आणि पुल रिक्वेस्ट (बदल सामावून घेण्याच्या विनंत्या) यांमध्ये जुने कमिट टिकून राहतात आणि पुल रिक्वेस्टमधले संदर्भ हटवण्यासाठी त्यांच्या सपोर्टलाच विनंती करावी लागते.

फाइल गुप्त नसून केवळ अवजड असेल, तर इतकी घाई नको. सर्वांच्या प्रलंबित ब्रांच (कामाच्या वेगळ्या शाखा) मर्ज होईपर्यंत थांबावे आणि मगच इतिहासाला हात लावावा.