इंग्रजीतली गीता कायले वाचता?

तुम्ही विचारलंत म्हणून सांगतो. एसटीत विचारतात, चक्कीवर विचारतात, "काका, घरी गीताई असताना इंग्रजीतली गीता कायले वाचता?" विचारणाऱ्याला आत कुठेतरी लागलेलं असतं, हे मला कळतं. आमचं गाव वर्धा जिल्ह्यातलं, पवनार सायकलच्या टप्प्यात. विनोबांची गीताई आईला तोंडपाठ, आणि तिच्यामुळे मलाही.

सुरुवात जागलीत झाली. तुरीत रानडुकरं शिरतात, म्हणून हिवाळ्यात रात्री वावरातल्या मचाणावर काढाव्या लागतात. मोबाईलवर जुनी पुस्तकं फुकट मिळतात, त्यात काशिनाथ त्र्यंबक तेलंगांचं १८८२ सालचं भाषांतर सापडलं. माक्स म्युलर या जर्मन पंडितानं संपादलेल्या पन्नास खंडी ग्रंथमालेतला तो आठवा खंड. गीता इंग्रजीत साहेबांनीच नेली असं मीही समजत होतो. चार्ल्स विल्किन्सचं भाषांतर १७८५ मध्येच लंडनला छापलं गेलं होतं. पण तेलंग आपले, मुंबईचे मराठी वकील.

पहिल्याच श्लोकात 'होली फील्ड ऑफ कुरुक्षेत्र' आलं आणि मी थांबलो. होली म्हणजे पवित्र. मग धर्म कुठे गेला? संस्कृतात गीतेचा पहिला शब्दच 'धर्मक्षेत्रे'. तेलंगांची चूक असेल म्हणून मनात गीताई म्हणून पाहिली: 'त्या पवित्र कुरुक्षेत्री'. तिथेही धर्म नाही! चाळीस वर्षं म्हणत होतो, कधी ध्यानात आलं नाही. पाठ असलेली ओळ जिभेवरून निघून जाते. इंग्रजी मला शब्दाशब्दाला अडखळत वाचावी लागते, म्हणून ते दिसलं. माझं उत्तर खरं तर एवढंच आहे.

मग मी धर्म शब्दाच्या मागेच लागलो. तिसऱ्या अध्यायातला स्वधर्म तेलंगांकडे 'ड्यूटी' होतो. अठराव्यातलं 'सर्वधर्मान् परित्यज्य' होतं 'ऑल ड्यूटीज' सोडून दे. ड्यूटीत धर्म मावत नाही, हे कोणीही सांगेल. पण त्या अपुऱ्या शब्दानं मला रात्रभर जागं ठेवलं. इतके अध्याय 'तुझं कर्तव्य कर' म्हणून सांगितल्यावर शेवटी कृष्ण सगळी कर्तव्यं सोडायला कसं सांगेल? गीताईत तिथे धर्म धर्मच राहिला आहे, शब्द घरचा, म्हणून हा प्रश्न मला कधी पडलाच नव्हता.

क्षेत्राचंही तसंच. तेराव्या अध्यायात कृष्ण शरीराला क्षेत्र म्हणतो. तेलंगांनी तो शब्द तसाच ठेवला. राधाकृष्णन यांनी १९४८ च्या भाषांतरात 'फील्ड' केला. क्षेत्र म्हटलं की आम्हाला एक तर तीर्थक्षेत्र आठवतं, नाहीतर सातबाऱ्यावरचा हेक्टर-आरचा रकाना. फील्ड वाचलं आणि समोर वावर दिसलं, कपाशीची पऱ्हाटी उभी असलेलं. शरीर हे वावर, आणि त्याला जाणणारा निराळा. ही गोष्ट मला मचाणावर बसूनच कळायची होती.

इंग्रजीतून गीता म्हणजे परक्याचं उष्टं, असं एकानं मला म्हटलं. त्याला मी सेवाग्रामकडे बोट दाखवलं. गांधीजींना गीता पहिल्यांदा भेटली ती लंडनमध्ये, एडविन अर्नॉल्डच्या इंग्रजी पद्यातून.

राधाकृष्णन पहिल्या श्लोकातही धर्म सोडत नाहीत, तिथे ते धर्माचं 'फील्ड' म्हणतात. मागच्या आठवड्यात मी आईला ते मराठी करून सांगितलं: धर्माचं वावर. ती शेंगा सोलत होती. म्हणाली, "थे धर्माचं वावर असतं, तं भावाभावात धुऱ्यासाठी भांडन कायले झालं असतं?"

तिच्या या धुऱ्याच्या, म्हणजे बांधाच्या, प्रश्नापायी मी पुन्हा पहिल्या अध्यायावर आलो आहे. तूर निघेपर्यंत रात्री आहेतच.