निळ्या ओलीची पाळी

संध्याकाळपासून जीव थाऱ्यावर नाही. कारण सांगितलं तर कुणीही म्हणेल, एवढ्याशा गोष्टीचं काय घेऊन बसलास. धाकटीची वही उघडी पडली होती आणि मी ती वाचली. न विचारता वाचली, हे आधी लिहून ठेवतो.

वहीत निळी ओल होती. आमच्या गोष्टीतली निळी ओल. 2016 च्या उन्हाळ्यात रात्री टँकरची वाट बघत उभा असताना, तिला खांद्यावर घेऊन मी ती पहिल्यांदा सांगितली. तेव्हा ती तीन वर्षांची. त्याच एप्रिलात मिरजेहून लातूरला रेल्वेनं पाणी आलं, पहिल्या गाडीच्या 10 वाघिणींत 5 लाख लिटर. त्याच्या आधी पाणवठ्यांवर भांडणं होऊ नयेत म्हणून शहरात जमावबंदी लागली होती. लेकराला पाण्याचं काय सांगावं? म्हणून उजेडाचं सांगितलं.

त्या जगात काळ्या रानाखाली पाण्याऐवजी उजेड झिरपतो. आड खणला की कडेला निळसर ओल सुटते. पोहरा सोडावा, भरून वर ओढावा. दोरसुद्धा हात-दोन हात चमकत राहतो. हात घातला तर भाजत नाही. हे मी काजव्याकडून घेतलं, त्याच्या पोटातला उजेड थंडच असतो. उन्हाळ्यात रानाला भेगा पडल्या की त्यांतून तो आपोआप वर येतो, आणि बायका अंगणात सडा टाकावा तसा शिंपडतात. त्यावर मोट चालते, पिठाची गिरणी चालते. म्हातारीच्या गुडघ्याला लावला की कळ थांबते. एवढं आईसाठी घातलं होतं. आणि कितीही उपसला तरी तो आटत नाही. बाकी सगळं दर रात्री बदलायचं, हा एक नियम मी कधी मोडला नाही.

तिच्या वहीत तो आटतो.

‘घरामागे तीन पोहरे. पाळी आठव्या दिवशी. चिठ्ठी हरवली तर अंधार.’ खाली पट्टीनं रेघा मारून घरांची यादी. एका घरानं 800 फूट खाली जाऊन बघितलं, नुसता फुफाटा वर आला.

मला ते फार लागलं. मी तिच्यासाठी एक जागा राखून ठेवली होती, तिथं रांग नव्हती. तिथं कुणी कुणाच्या घागरीला लाथ मारत नव्हतं. तिनं तिथंही पाळी नेऊन लावली. मी काय दिलं मग तिला? नोकरी ही अशी, घर भाड्याचं, शिकवणीचे पैसे दादाकडून... ते आज नको.

खरं बघितलं तर आमच्या भुईला धरून तिचंच बरोबर आहे. खाली काळा पाषाण, साधारण 6.6 कोटी वर्षांपूर्वी वाहून थिजलेल्या लाव्ह्याचा. त्यात पाणी राहतं ते फटींत आणि वरच्या मुरमात. फट लागली तर लागली. इथं न आटणारं काही सांगणारा मीच. लाव्हा वाहत होता तेव्हा मात्र ही सगळी भुई खरोखर पेटलेली असेल, क्षितिजापर्यंत. हे तिला कधी सांगितलं नाही. सांगायला हवं.

पण न आटणारं एक तरी असावं, असं मला वाटतं. अजूनही वाटतं.

“कामून तोंड पाडून बसलास?” आईनं विचारलं. काही नाही म्हणालो. जेवताना धाकटीनंच ओळखलं.

“वही वाचलीत ना पप्पा?”

“ओल आटवलीस कामून?”

ती जरा गप्प राहिली. मग म्हणाली, “आटली नाही तर रांग कशी लागंल? आन् रांगच नसली तर तुम्ही गोष्ट कवा सांगणार?”

मी घास तसाच हातात धरून बसलो. त्या रांगेत माझे पाय भरून यायचे, मागून धक्के बसायचे, टँकरवाल्याच्या हातापाया पडावं लागायचं. आणि वर खांद्यावर, माझे केस धरून बसलेली ही. तिच्या वाट्याला आलेली रांग वेगळीच होती. चार-पाच हात उंचीवरची. मला ती कधी दिसलीच नाही.

हात धुऊन आली आणि वही घेऊन बसली. आपलं घर यादीत कितव्या नंबरला घालू, म्हणाली. तेव्हा आपल्या घागरीवर कोणता आकडा होता?

मला आठवेना. आईलाही आठवेना. स्टूल घेऊन माळ्यावर चढलो, गोधड्यांच्या मागून घागर काढली, धूळ पुसली. तांबड्या ऑइलपेंटनं घातलेला, थोडा ओघळलेला. 17.