सिंदालाच्या किल्ल्यात

नेदरलँड्सला राहायला आले त्याच आठवड्यात शेजारच्या आजोबांनी विचारलं, “भारतातल्या का तुम्ही? म्हणजे आमच्या सिंदालाच्या गावच्या!” मला काही उमगेना. मग त्यांनी सगळं सांगितलं. १९६९ साली इथल्या टीव्हीवर ‘फ्लोरिस’ ही १२ भागांची मालिका आली. परदेश हिंडून घरी परतलेला तरुण सरदार आणि त्याच्यासोबत आलेला सिंदाला नावाचा भारतीय फकीर. तलवार फ्लोरिसची, डोकं सिंदालाचं. सरदार झाला होता रुटगर हाउअर, दिग्दर्शक पॉल व्हरहोव्हन आणि लेखक खेरार्ड सूतेमान. सिंदालाचं काम मात्र एका डच नटानं केलं होतं, हे मला जरा लागलंच.

तेव्हापासून सूतेमानचे सिनेमे शोधून शोधून पाहिले. मागच्या शनिवारी मालिकेतला किल्लाही गाठला. नाइमेखेनला सायकल भाड्यानं घेतली, पूल ओलांडला आणि वाल नदीच्या बांधावरून डोर्ननबुर्गची वाट धरली. वारा समोरून, खाली कुरणात गाई.

किल्ला दोन भागांत आहे. अलीकडे बाहेरचा कोट, पलीकडे पाण्यात उभा विटांचा उंच वाडा आणि दोन्ही जोडणारा अरुंद लाकडी पूल. दोन माणसं समोरासमोर आली तर एकाला अंग चोरावं लागतं. मी कठड्याला टेकून कितीतरी वेळ तिथंच उभी राहिले. खंदकाच्या संथ पाण्यात अख्खा वाडा उलटा दिसत होता. इतका जुना, भक्कम वाटणारा हा किल्ला १९४५ मध्ये युद्धाच्या शेवटी उद्ध्वस्त झाला होता. मग जवळपास वीस वर्षं खपून लोकांनी तो पुन्हा उभा केला.

सूतेमानचा जन्म १९३६ चा, रॉटरडॅमचा. तो चार वर्षांचाही नव्हता तेव्हा, १४ मे १९४० ला, बॉम्बफेकीत त्या शहराचा मधला भाग बेचिराख झाला. पुढे त्याच्या लेखणीला युद्धानं सोडलं नाही. १९७७ चा ‘सोल्दाट फान ओरान्ये’, हॅरी मुलिशच्या कादंबरीवरचा आणि परभाषिक चित्रपटाचं ऑस्कर मिळवणारा १९८६ चा ‘दे आन्स्लाख’, २००६ चा ‘झ्वार्टबुक’. ‘दे आन्स्लाख’मधला एक प्रसंग माझ्या डोळ्यांपुढून हलत नाही. जानेवारी १९४५, जर्मनांच्या ताब्यातलं हार्लेम शहर. जर्मनांना सामील झालेल्या एका पोलीस अधिकाऱ्याला रस्त्यात गोळ्या घातल्या जातात. ज्यांच्या दारात प्रेत पडलं ते शेजारी बाहेर येतात, ते उचलतात आणि दुसऱ्याच्या दारात नेऊन ठेवतात. मग सूड म्हणून जर्मन त्या दुसऱ्या घराची राखरांगोळी करतात. त्या शेजाऱ्यांना दुष्ट म्हणायला माझी जीभ रेटत नाही. ‘झ्वार्टबुक’मध्ये तर देश स्वतंत्र झाल्यावरही नायिकेचे हाल संपत नाहीत, आणि आता ते करणारे तिचेच देशबांधव असतात. विजयी बाजूच्या लोकांबद्दल असं लिहायला छाती लागते.

निघताना आजोबांसाठी पुलाचा फोटो घेतला. संध्याकाळी त्यांनी चष्मा लावून तो बराच वेळ पाहिला. काही बोलले नाहीत. मग टेबलावर बोटांनी ठेका धरून मालिकेची धून गुणगुणू लागले.