बिलगून झोपणारी दोन कासवे

इंग्लंडमध्ये आल्यानंतर काही वर्षांनी आम्ही हॉर्सफील्ड जातीची दोन छोटी जमिनीवरची कासवे पाळायला आणली. एकटे कासव कंटाळेल असे वाटल्याने जोडी घेतली, आणि ती रोज रात्री एकाच कोपऱ्यात एकमेकांना बिलगून झोपतात हे आम्ही वर्षभर कौतुकाने सर्वांना सांगत होतो. प्रत्यक्षात लपण्याजोगी उबदार जागा तेवढी एकच होती आणि ती दोघांनाही हवी होती.

कासवाची दांडगाई बहुतेक वेळा आवाज न करता चालते, म्हणूनच ती उशिरा लक्षात येते. मोठे कासव पाल्याच्या ढिगावरच ठाण मांडून बसे, उबेसाठी लावलेल्या दिव्याखाली धाकट्याच्या पाठीवर पुढचा पाय ठेवी आणि तो जिकडे जाईल तिकडे त्याच्या मागोमाग फिरे. या सगळ्याला आम्ही खेळ समजत होतो. स्वयंपाकघरातल्या काट्यावर धाकट्याचे वजन घटलेले दिसले, तेव्हा कुठे शंका आली. पुढे कवचावर कवच आदळणे आणि पुढच्या पायांना चावे घेणे सुरू झाले. शेपट्या लांब व जाड होत गेल्या तसे दोघेही नर असल्याचे कळले.

ही जात मध्य आशियातल्या कोरड्या गवताळ प्रदेशातली. वर्षाचा बराच काळ ती जमिनीखाली बिळात काढते आणि तिला सोबतीची गरज नसते. मोकळ्या माळावर हरलेला नर निघून जातो आणि भांडण तिथेच मिटते. आमच्या लाकडी पेटीत मात्र हरलेल्याला जायला जागाच नव्हती, त्यामुळे त्याने घेतलेली माघार दुसऱ्याला कधी दिसलीच नाही. एकदा धाकटा दिव्याखाली उताणा पडलेला सापडला. कासवाची फुप्फुसे पाठीच्या कवचाला लागून असतात, त्यामुळे उलटे पडल्यावर पोटातल्या अवयवांचा भार त्यांच्यावर येतो, शिवाय वरून उष्णता असतेच. त्याच संध्याकाळी आम्ही दोघांना वेगळे केले.

मध्ये काचेची पट्टी लावण्याची चूकही आम्ही केली. मोठा दिवसभर तिच्यावर धडका देत राहिला, म्हणून तिथे लाकडी फळी बसवली. मात्र प्रत्येक गोष्ट आक्रमकपणाची नसते. उचलताना येणारा फुस्स आवाज डोके आत घेताना फुप्फुसातली हवा बाहेर पडल्याचा असतो. लाल नेलपॉलिश लावलेल्या माझ्या अंगठ्याचा त्याने घेतलेला चावा तर निव्वळ भुकेपोटी होता, कारण लाल रंग कासवांना खाद्यासारखा खुणावतो.

हे ऐकून आत्याने फोनवर विचारले, की शुभ म्हणून आपल्याकडचे चांदणी कासव घरात ठेवले तर चालेल का. चालणार नाही, ते वन्यजीव संरक्षण अधिनियम, १९७२ अन्वये संरक्षित आहे आणि ते घरी पाळणे गुन्हा आहे. देवळातल्या दगडी कासवाला नमस्कार करावा, एवढेच मी तिला सुचवले.

धाकट्याचे वजन आता पूर्ववत झाले आहे. मोठा अजूनही रोज सकाळी फळीपाशी येतो, थोडा वेळ वास घेतो आणि मग पाल्याकडे वळतो.