चिंगीचं दुपटं

आमची चिंगी देशी, तांबूस रंगाची, एक कान कायम मोडलेला. एका पावसाळ्यात चाळीच्या जिन्याखाली सापडली आणि घरचीच झाली. एरवी लालबागच्या गर्दीला ती दाद देत नाही. पण नरकचतुर्दशीच्या पहाटे खाली पहिली माळ लागली की जीभ बाहेर, शेपूट पोटाखाली, मागचे पाय लटलट कापतात. मोरीत बादलीमागे शिरते ती दिवसभर तिथेच. आवाज जितका बारीक, तितके त्याचे हर्ट्झ जास्त; आपल्याला साधारण २० हजार हर्ट्झपर्यंत ऐकू येतं, कुत्र्यांना ४५ हजारांच्या आसपास. सुतळी बॉम्ब तिला कसा ऐकू येत असेल, या विचारानेच माझ्या पोटात कालवतं.

म्हणून मी तिच्यासाठी अंगाला घट्ट बसणारं जॅकेट मागवलं. छाती-पाठीवर सगळीकडून सारखा, हलका दाब राहिला की जीव शांत होतो, अशी त्यामागची कल्पना. लस टोचायला गुरांना दोन फळ्यांमध्ये धरतात तेव्हा त्यातली काही निवांत होतात, हे अमेरिकेतल्या पशुवर्तनाच्या अभ्यासक टेम्पल ग्रँडिन यांनी पाहिलं आणि १९६५च्या सुमारास स्वतःच्या घाबरेपणावर तसंच दाबाचं यंत्र बनवलं. ते वाचून मला फार धीर आला होता.

पण जॅकेटला वेल्क्रो होतं. मी पट्टा उघडला, चर्रर्र आवाज झाला, आणि चिंगी पलंगाखाली! त्यानंतर जॅकेट हातात दिसलं तरी ती खोलीतून निघून जायची.

सासूबाई दारात बसून बघत होत्या. म्हणाल्या, “अगं, तान्ह्या बाळाला दुपट्यात गुंडाळतो ना, तसं गुंडाळ तिला.” आणि त्यांनी ट्रंकेतून जुनं सुती लुगडं काढलं, धुऊन धुऊन सायीसारखं मऊ झालेलं. त्याची वीतभर रुंद पट्टी फाडली. पट्टीचा मध्य छातीवर, दोन्ही टोकं खांद्यांवरून पाठीवर नेऊन तिढा, मग पुढच्या पायांमागून पोटाखाली तिढा, पुन्हा वर. गाठ कण्यावर नाही, बाजूला. पट्टीखाली दोन बोटं सहज जायला हवीत.

यंदा मी घाई केली नाही. दसऱ्यापासूनच रोज दुपारी, सगळं शांत असताना, दहा मिनिटं पट्टी बांधायची आणि उकडलेल्या अंड्याचा तुकडा द्यायचा. फटाके सुरू झाल्यावरच बांधली असती तर तिच्या मनात पट्टी म्हणजेच धोका, असं बसलं असतं. आणि आपल्याकडचा ऑक्टोबर उकाड्याचा! पट्टी बांधली की पंखा चालू ठेवायचा, अर्ध्या-पाऊण तासाने सोडायची, पाणी पाजायचं. कुत्र्याला मुख्यतः धापेनेच अंग थंड ठेवावं लागतं. सगळ्यांनाच याचा गुण येतो असं नाही. ज्यांचं कुत्रं खिडकीतून उडी मारायला बघतं, त्यांनी आधी डॉक्टरांशी बोलावं, औषधाला लाजू नये.

लक्ष्मीपूजनाला खिडक्या लावल्या, रेडिओ मोठा केला. रात्री आठला धडाका सुरू झाला. चिंगी कापत होती, पण मोरीत गेली नाही. सासूबाईंच्या पावलांवर हनुवटी टेकून पडून राहिली. मध्येच त्यांनी तूप लावलेला पोळीचा तुकडा पुढे केला. घाबरलेलं कुत्रं अन्नाला तोंड लावत नाही, म्हणून मी श्वास रोखून बघत होते.

तिने तो हुंगला, थांबली, आणि खाल्ला.