ट्रेंडिंग नव्हतं, तेव्हा कळायचं कसं?

ठाण्यातल्या एका कॉलेजात शिकवते, त्यामुळे नवी बॅच आली की हा प्रश्न येतोच: "मॅडम, तुमच्या वेळी रील्स नव्हत्या, ट्रेंडिंग नव्हतं. मग काय गाजतंय हे कळायचं कसं?" तुम्ही विचारलंत म्हणून नीट सांगते.

माणसांकडून कळायचं. आमच्यापर्यंत आलेलं जवळजवळ प्रत्येक गाणं, प्रत्येक क्लिप कुणीतरी ओळखीच्याने दिलेली असायची, आणि ती कुणी दिली हेही लक्षात राहायचं.

गाणं ब्लूटूथवरून यायचं. कॉलेजच्या कट्ट्यावर दोन फोन शेजारी ठेवायचे, एक नोकिया आणि एक सोनी एरिक्सनचा वॉकमन. घेणाऱ्याने 'येस' दाबलं की चार-पाच एमबीची फाइल हळूहळू सरकायची. कुणी फोन घेऊन चहाला उठलं की ती मध्येच तुटायची, मग पुन्हा पहिल्यापासून. तेवढ्या वेळात देणारा सांगायचा, हे कुणाकडून मिळालं, दुसरं कडवं लक्ष देऊन ऐक. ज्या साइटवरून गाणं उतरवलं तिचं नाव फाइलच्या नावाला चिकटलेलं असायचं. मेमरी कार्ड लहान, त्यामुळे नवं घ्यायचं तर जुनं काहीतरी उडवावं लागायचं. म्हणून जे मनापासून आवडायचं तेवढंच मागायचो.

ऑर्कुट ही गूगलची सोशल साइट जानेवारी २००४ मध्ये सुरू झाली. आमच्या ग्रुपमध्ये ती नौपाड्यातल्या सायबर कॅफेतून शिरली. तासाचे पैसे वाटून घ्यायचे आणि दोघी-तिघींनी एकाच मशीनसमोर दाटीवाटीने बसायचं. स्क्रॅपबुक, म्हणजे प्रोफाइलवर निरोप लिहायची जागा, तेव्हा सगळ्यांना उघडं असायचं. कुणी कुणाला काय लिहिलं हे अख्खा वर्ग वाचायचा. मग मनातलं कुठे लिहायचं? टेस्टिमोनियलमध्ये. खरं तर ती मित्राचं कौतुक करायची जागा, पण ज्याच्यासाठी लिहिली त्याने मंजूर केल्याशिवाय ती कुणाला दिसायची नाही. म्हणून रुसवा, कबुली, फोन नंबर सगळं तिथे लिहायचं आणि शेवटी टाकायचं, 'अ‍ॅक्सेप्ट करू नकोस.' ही युक्ती कंपनीने शिकवली नव्हती, पोरापोरींनी शोधली होती. त्या काळातली सगळ्यात हुशार गोष्ट मी हीच मानते.

टीव्हीवरचं गाजणं एसएमएसवर चालायचं. २००५ मध्ये अभिजीत सावंत 'इंडियन आयडॉल' जिंकला तेव्हा मतांसाठी घराघरात बॅलन्स संपला होता. आमचा एसएमएस पॅक सणाच्या दिवशी चालायचा नाही, पूर्ण पैसे कापले जायचे. त्यामुळे दिवाळीच्या शुभेच्छा आदल्या रात्रीच पाठवून टाकायच्या आणि पहाटे नवे कपडे घालून राम मारुती रोडवर, तलावपाळीवर प्रत्यक्षच भेटायचं. कुणी कुठला कुर्ता घातला, कुणाची कुठली रिंगटोन वाजली, हे त्या गर्दीत कळायचं आणि सुट्टी संपेपर्यंत चर्चेला पुरायचं.

माझा जीव मात्र एकांकिकेत होता. युनिव्हर्सिटीचा यूथ फेस्टिव्हल, मग 'सवाई' ही एकांकिका स्पर्धा. कुणाच्या एकांकिकेचा शेवट जमला, कुणाची प्रकाशयोजना उसनी वाटली, यावर आमच्या ऑर्कुट कम्युनिटीत, म्हणजे तिथल्या चर्चेच्या गटात, पानंच्या पानं वाद व्हायचे. रोमन लिपीतलं मराठी, शुद्धलेखनाचे तीन तेरा, पण मतं पक्की. ज्याच्याशी रात्री भांडलो तो दुसऱ्या दिवशी तालमीला समोर उभा असायचा. त्यामुळे बोलताना जबाबदारीने बोलायची सवय लागली. समीक्षा म्हणजे काय हे मला पुस्तकाआधी तिथे कळलं.

२०१०च्या सुमारास सगळे फेसबुकवर गेले. तिथे न मागता समोर यायला लागलं. भरपूर मिळू लागलं, दूरदूरची नाटकं, संगीत दिसू लागलं, आणि त्याचा मला आजही आनंद आहे. पण हे मला कुणी दिलं, माझ्यासाठीच का दिलं, हे सांगता येईना.

३० सप्टेंबर २०१४ ला ऑर्कुट बंद झालं. आपला डेटा उतरवून घ्यायला गूगलने पुढे २०१६ पर्यंत मुदत दिली होती. आमच्यातल्या काहींनी टेस्टिमोनियल उतरवून ठेवल्या. त्या एकांकिकांच्या वादांची पानं मात्र कुणीच ठेवली नाहीत. ठाण्यातल्या पोरांनी त्या वर्षांत नाटकाबद्दल काय विचार केला, याची तेवढीच लेखी नोंद होती. त्याचं मला अजून वाईट वाटतं.