भुतं का कुत्री?

आज लेकीला घेऊन पेठेतल्या वाचनालयात गेलो. पोरगी तोंड फुगवूनच आत आली, शाळेत पुस्तक वाचलं की लगेच त्यावर लिहायला लावतात त्यामुळं तिला वाचन म्हणजे गृहपाठच वाटतो. ग्रंथपाल काकूंनी कितवीत आहेस वगैरे विचारलंच नाही, थेट "तुला भुतं आवडतात का कुत्री?" कुत्री म्हटल्यावर तीन पुस्तकं काढून दिली, वर "दहा पानं वाच, नाही आवडलं तर परत आण की, काय बिघडतंय!" भारतीय ग्रंथालयशास्त्राचे जनक रंगनाथन यांनी 1931 मध्येच मांडलंय, प्रत्येक वाचकाला त्याचं पुस्तक, ते आज डोळ्यांनी बघितलं. आपल्या कोल्हापुरात करवीर नगर वाचन मंदिर 1850 पासून आहे, पुस्तकांना तोटा नाही, पण नेमकं पुस्तक हातात ठेवणारं माणूस लय मोलाचं. नंतर रंकाळ्यावर भेळ घेतली, पार मऊ पडली तरी पोरीची मान काय पुस्तकातनं वर होईना.